गुळातल्या रताळ्याच्या फोडी

बेळगाव-खानापूर पट्ट्यातली लाल सालीची रताळी अर्धा किलो घ्या, मध्यम जाडीची. फार जाड रताळ्यात दोरे निघतात. माती नीट धुवा, साल ठेवली तरी चालते. अर्ध्या इंचाच्या चकत्या करून लगेच पाण्यात टाका, नाहीतर काळ्या पडतात.

पसरट कढईत दोन चमचे तूप तापवून निथळलेल्या चकत्या दोन्ही बाजूंनी डागाळेपर्यंत परता. पाव वाटी पाणी शिंपडा, झाकण ठेवून मंद आचेवर सात-आठ मिनिटं शिजवा. सुरी सहज आत गेली की मगच शंभर ग्रॅम चिरलेला गूळ आणि चिमूटभर मीठ घाला. इथेच बहुतेकांचं बिघडतं. गूळ आधी पडला तर फोडी कितीही शिजवल्या तरी दडदडीत राहतात. चिक्कीचा गूळ नको, साधाच घ्या.

आता झाकण काढा. ढवळू नका, कढई नुसती हलवा. पाक फोडींना चिकटून चकाकला की गॅस बंद. थंड झाल्यावर तो आणखी आळतो. जास्त आटलाच तर चमचाभर गरम पाणी घाला. शेवटी वेलची. उपवासाला चालतं, पण आमच्या मते झणझणीत झुणका-भाकरीशेजारीच याची खरी मजा.