खोक्यातली गादी पावसाळ्यात ठेवायची तर

माझ्या खानापूरच्या नणंदेने मुलाच्या लग्नासाठी वैशाखातच गादी घेतली. मोठी डबल बेडची, पण गुंडाळून, हवा काढून खोक्यात दाबलेली. लग्न तुळशीच्या लग्नानंतर, म्हणून खोकं तसंच माळ्यावर चढवलं. वर मंगळुरी कौलं. आधी महिनाभर उन्हाची धग आणि मग खानापूरची झड. मांडव पडायच्या आठवड्यात गादी उघडली तर पायाकडची एक बाजू फुगलीच नाही. गादी किती दिवसांत उघडायची ती खोक्यावर लिहिलेली मुदत कंपनीने दाखवली आणि हात वर केले. नव्या सुनेसाठी किती हौसेने घेतली होती बाईने!

यंदा आमच्या वडगावच्या घरी माडीवरच्या खोलीचा गिलावा व्हायच्या आधीच गादी दारात आली. पाच आठवडे ती सांभाळली. आम्ही मागावरची माणसं, पावसाळ्यात सूत कसं जपायचं ते सासूबाईंनी शिकवलेलं. तेच इथे उपयोगी पडलं.

खोकं घरात घेतलं की आधी त्यावरची मुदत वाचा. कुठे काही आठवडे, कुठे दोन-तीन महिने असं लिहिलेलं असतं. दिवस मोजायचे ते पॅकिंगच्या तारखेपासून, कारण गादी आपल्याकडे येण्याआधी गोदामातही दाबलेलीच पडून असते. मी ती शेवटची तारीख खोक्यावर ठळक मार्करने लिहिली, येता-जाता दिसावी म्हणून. आणखी एक बघा. वापरून पाहून परत करायची सवलत असेल तर तिचे दिवस बहुतेक वेळा गादी घरी आल्यापासूनच धरतात. खोकं बंद ठेवलंत तरी ते दिवस सरतच असतात.

मुदत कशाला, असं ह्यांनी मला विचारलं होतं. फोमच्या आत बारीक बारीक पोकळ्या असतात. दाबल्या की त्यांच्या भिंती वाकतात, सोडल्या की परत उभ्या राहतात. पण फार दिवस वाकलेल्या राहिल्या तर तशाच बसतात, आणि उष्णता-ओल मिळाली तर लवकर बसतात. फोमची एक ठरलेली चाचणीच अशी असते : तुकडा निम्म्या जाडीपर्यंत दाबून 70 अंश सेल्सिअसला 22 तास ठेवायचा, मग सोडून किती परत येतो ते मोजायचं. आपला माळा काही 70 अंशांवर जात नाही, पण गादी तिथे दाबलेली राहते ती 22 तासांपेक्षा कितीतरी जास्त वेळ. स्प्रिंगची गादी असेल तर मी आणखी कमी दिवस ठेवेन.

आता जागा. माळा नको. पत्र्याची शेड तर नकोच. सर्वांत मोठा मोह नव्या खोलीचा होतो, कारण ती रिकामी असते. पण ताज्या गिलाव्याला रोज पाणी मारतात, आणि ते थांबलं तरी भिंती कित्येक आठवडे ओल सोडत राहतात. त्यात आषाढाची हवा. पुठ्ठा ती ओल पितो, मऊ पडतो आणि त्याला बुरशी धरते. आमच्या घरी सगळ्यांत कोरडी जागा म्हणजे माजघर, बाहेरची एकही भिंत नसलेलं. तिथे दोन पाट टाकून त्यावर खोकं ठेवलं, भिंतीपासून वीतभर लांब. सुताचे गठ्ठेही आम्ही असेच ठेवतो. जमिनीला आणि भिंतीला टेकलं की खालून-मागून ओल कधी चढली ते कळतसुद्धा नाही.

उभं ठेवायचं की आडवं, ते खोक्यावरच्या बाणावर बघा. आमच्या खोक्यावर बाण नव्हता, मी आडवं ठेवलं. उभं ठेवून सगळा भार एका टोकावर नको, आणि पोरांनी ओढलं तर अंगावर येईल याचीही भीती होती. आडवं ठेवलं की सगळ्यांनाच त्यावर काहीतरी ठेवावंसं वाटतं. तांदळाचं पोतं, ट्रंक, काहीही नको. आधीच दाबलेल्या गादीवर आणखी भार कशाला? वरून ताडपत्री गुंडाळू नका, आत दमटपणा कोंडतो. जुनं सुती लुगडं पुरे. धान्य शेजारी ठेवू नका, धान्यामागे उंदीर येतात आणि उंदराला प्लास्टिक कुरतडायला वेळ लागत नाही.

आठवड्यातून एकदा खोक्याला हात लावून बघा. पुठ्ठा दमट लागला किंवा बाजू फुगल्यासारखी वाटली तर उघडून पाहा. आतलं प्लास्टिक घट्ट बसलेलं असेल तर ठीक. सैल झालं असेल तर हवा शिरली आहे, गादी खोक्याच्या आत वेडीवाकडी फुगायला बघते आहे. तेव्हा मुदतीची वाट बघू नका, त्याच दिवशी बाहेर काढा.

मुदतीच्या आत खोली होणारच नसेल तर माझं स्पष्ट सांगणं आहे, गादी उघडा आणि उघडीच ठेवा. फळ्यांच्या पलंगावर सपाट पसरायची, वर सुती चादर घालायची. फरशीवर नको, भिंतीला उभी टेकवूनही नको, मधे वाकते. अडचण होते हे खरं. आमच्या नणंदेने सोप्यातल्या पलंगावर जागा केली असती तर तिची गादी वाचली असती.

उघडायला पावसाची उघडीप बघा, खिडक्या उघड्या ठेवता येतात. खोकं आधी पलंगापाशी न्या, कारण फुगलेली गादी जिन्यावरून चढवणं फार कठीण. प्लास्टिक कात्रीने कडेकडेने कापा, सुरी खुपसू नका. वास येतो, तो पंखा लावला की दोन-तीन दिवसांत कमी होतो. कापसाच्या गादीसारखी ही उन्हात टाकू नका, उन्हाने फोम पिवळा पडतो. पुरती फुगायला 24 ते 72 तास द्या. गारठ्यात फोम कडक असतो, मग वेळ जास्त लागतो.

आमची गादी नागपंचमीच्या आधी उघडली. तिसऱ्या दिवशी ह्यांनी चारही कोपऱ्यांची जाडी टेपने मोजली, मी मोबाईलवर फोटो काढून ठेवले, परतीची मुदत संपायच्या आत. चारही कोपरे सारखे भरले.