पासवर्डचे हॅश काढणारी डीएलएल फाइल सापडल्यास तपास कसा करावा

विंडोज संगणकावर वापरकर्त्यांचे पासवर्ड जसेच्या तसे साठवलेले नसतात. त्यांच्याऐवजी पासवर्डवरून गणिताने काढलेली, पण उलट फिरवून पासवर्ड न देणारी ओळ, म्हणजे 'हॅश', साठवलेली असते. स्थानिक खात्यांच्या पासवर्डचे हॅश 'सॅम' या नोंदसंचात असतात, तर कार्यालयीन डोमेनमधील (एकाच केंद्रातून सांभाळल्या जाणाऱ्या संगणकांच्या जाळ्यातील) सर्व खात्यांचे हॅश डोमेन कंट्रोलर या मध्यवर्ती सर्व्हरवरील 'एनटीडीएस.डिट' या फाइलमध्ये असतात. हे हॅश बाहेर काढणारे 'पीडब्ल्यूडम्प' हे साधन जेरेमी ॲलिसन यांनी १९९७ मध्ये लिहिले. त्याच्या पुढच्या आवृत्त्या वेगवेगळ्या लोकांनी तयार केल्या आणि त्यांच्यासोबत डीएलएल फाइल (दुसऱ्या प्रोग्रॅमच्या आत चढवून चालवता येणाऱ्या कोडच्या फाइल) येऊ लागल्या: दुसऱ्या आवृत्तीसोबत 'सॅमडम्प', तिसरीसोबत 'एलएसएएक्स्ट', सहावीसोबत 'एलएसरेमोरा'. पासवर्ड पडताळण्याचे काम विंडोजमध्ये 'एलसॅस' नावाची प्रक्रिया करते. वेगळा प्रोग्रॅम तिच्या मेमरीत सहज डोकावू शकत नाही, पण डीएलएल तिच्याच आत घुसवली की ती एलसॅसच्याच अधिकाराने काम करते.

अँटिव्हायरसने यांपैकी एखादे नाव दाखवले की फाइल लगेच पुसून टाकण्याचा मोह होतो, तो आवरावा. ती कोणत्या फोल्डरमध्ये होती, केव्हा तयार झाली आणि तिची मालकी कोणत्या खात्याकडे आहे, हे आधी टिपून घ्यावे, कारण पुढचा सगळा तपास याच तपशिलांवर चालतो. तयार झाल्याची वेळ बदलता येते, हे मात्र ध्यानात असू द्यावे. संगणक कार्यालयाचा असल्यास नेटवर्कची तार काढावी आणि वाय-फाय बंद करावे, पण संगणक बंद करू नये. बंद केल्यास मेमरीतील पुरावा जातो.

त्यानंतर नाव आणि जागा पाहावी. 'सॅमलिब', 'सॅमएसआरव्ही' आणि 'एलएसएएसआरव्ही' या विंडोजच्या स्वतःच्या डीएलएल आहेत आणि त्यांची जागा 'सिस्टिम३२' फोल्डरमध्ये असते ('विनएसएक्सएस'मध्ये त्यांच्या प्रती आढळणे स्वाभाविक आहे). हेच नाव धारण केलेली फाइल 'टेम्प', 'डाउनलोड्स' किंवा 'प्रोग्रॅमडेटा'मध्ये दिसली, किंवा नावात एखादे अक्षर इकडचे तिकडे झालेले असले, तर संशय घ्यावा. नुसत्या नावावरून निष्कर्ष काढू नये, कारण नाव बदलायला एक क्षण पुरतो.

नावापेक्षा भरवशाची खूण म्हणजे डिजिटल स्वाक्षरी. फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये स्वाक्षरीचा टॅब दिसला नाही म्हणून ती बनावट ठरत नाही. विंडोजच्या अनेक फाइलींची स्वाक्षरी फाइलमध्ये नसून वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते. यासाठी विंडोजच्या पॉवरशेल या आज्ञा देण्याच्या खिडकीतील 'गेट-ऑथेंटिकोडसिग्नेचर' ही आज्ञा वापरावी. विंडोज १० पासून ती कॅटलॉगही तपासते. 'व्हॅलिड' हा शेरा आणि स्वाक्षरी करणाऱ्याचे नाव, दोन्ही वाचावे.

मग 'गेट-फाइलहॅश' ही आज्ञा फाइलच्या पूर्ण पत्त्यासह चालवावी. ती फाइलचा एसएचए-२५६ हॅश, म्हणजे फाइलच्या मजकुरावरून काढलेली ६४ अक्षर-अंकांची ओळ देते, आणि ही ओळ व्हायरसटोटल या फाइली तपासणाऱ्या संकेतस्थळावर शोधता येते. मूळ फाइल तेथे चढवू नये, कारण चढवलेली फाइल इतर अभ्यासकांना उतरवून घेता येते आणि तिच्यात आपल्या संस्थेची माहिती असू शकते. हॅश सापडला नाही याचा अर्थ फाइल निर्दोष आहे असा घेऊ नये. एका बाइटचा फरक केला तरी हॅश पूर्ण बदलतो.

फाइल हॅश काढणारीच निघाली, तर पहिला प्रश्न व्यवस्थापकांना विचारावा: सुरक्षा चाचणी चालू होती काय? उत्तर नकारार्थी असेल, तर कोणाला तरी या संगणकाचे प्रशासकीय अधिकार मिळाले होते असे धरून चालावे, कारण त्यांच्याविना या डीएलएल काम करीत नाहीत. येथे बरेच जण चुकतात आणि 'आमचा पासवर्ड लांबलचक आहे' म्हणून निर्धास्त राहतात. विंडोज साठवते तो एनटीएलएम हॅश म्हणजे पासवर्डवर चालवलेले एमडी४ हे गणित असते, त्यात 'सॉल्ट' (प्रत्येक पासवर्डला जोडायचा वेगळा यादृच्छिक मजकूर) मिसळलेले नसते, आणि पासवर्ड न ओळखताही तो हॅशच पुढे करून दुसऱ्या संगणकावर प्रवेश मिळवता येतो. म्हणून त्या संगणकावर वापरलेल्या प्रत्येक खात्याचा पासवर्ड दुसऱ्या, स्वच्छ संगणकावरून बदलावा. सर्व संगणकांवर स्थानिक प्रशासकाचा पासवर्ड एकच ठेवण्याची आपल्याकडची सवय येथे फार महागात पडते. 'विंडोज लॅप्स' ही विंडोजमधील सुविधा वापरून तो प्रत्येक संगणकासाठी वेगळा करावा.

डोमेन कंट्रोलरपर्यंत हात पोचल्याची शंका असेल, तर ज्याच्या पासवर्डवर डोमेनची प्रवेश-तिकिटे बनतात त्या 'केआरबीटीजीटी' या खात्याचा पासवर्ड दोनदा बदलावा लागतो, कारण डोमेन त्याचा मागचा पासवर्डही ग्राह्य धरते. दोन बदलांमध्ये किमान १० तासांचे अंतर ठेवावे. तिकिटांची मूळ मुदत तेवढी असते.

पुढील बचावासाठी विंडोज ११ मध्ये 'विंडोज सिक्युरिटी'तील 'कोअर आयसोलेशन' या पानावर 'लोकल सिक्युरिटी ऑथॉरिटी' संरक्षण चालू करावे. त्यानंतर योग्य स्वाक्षरी नसलेली डीएलएल एलसॅसमध्ये शिरू शकत नाही. भारतातील संस्थांनी आणखी एक गोष्ट वेळेत करावी: सर्ट-इन या सरकारी सायबर सुरक्षा यंत्रणेच्या एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार अशा घुसखोरीची माहिती लक्षात आल्यापासून ६ तासांच्या आत कळवणे बंधनकारक आहे, आणि प्रणालींचे लॉग १८० दिवस जपून ठेवावे लागतात.