रिटआधी अपिलाची मुदत पाहा
तहसीलदाराचा आदेश विरोधात गेला की अनेक जण थेट हायकोर्टात रिट (सरकारी आदेशाला आव्हान देणारी याचिका) करायला निघतात. थांबा! कायद्यात अपिलाची सोय असेल, तर राज्यघटनेच्या कलम 226 खालची ही याचिका बहुधा ‘आधी अपील करा’ म्हणून परत येते, आणि तोवर मुदत सरत असते. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेत जिल्हाधिकाऱ्यापेक्षा कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशावर 60 दिवसांत अपील करावे लागते. हे दिवस आदेश हाती पडल्यापासून मोजतात. नक्कल मिळवण्यात गेलेला वेळ वगळतात. म्हणून नकलेचा अर्ज त्याच आठवड्यात द्या, पोच जपा. अधिकारच नसताना किंवा तुमचे म्हणणे न ऐकता आदेश दिला असेल, तर मात्र थेट रिटबद्दल वकिलांना जरूर विचारा.