बाटलीची नक्कल थांबवायची आहे? मद्यउत्पादकांनो, या चुका टाळा

वाईन शॉपच्या काउंटरवर गिऱ्हाईक दरवेळी नाव वाचत बसत नाही. मागच्या फळीकडे बोट दाखवतं आणि ‘ती जाड बुडाची द्या’ म्हणतं. म्हणजे विक्री बाटली करते, आणि ट्रेडमार्कच्या अर्जात मात्र फक्त नाव असतं. या धंद्यातली ही सर्वांत महागडी चूक. १९९९ च्या ट्रेड मार्क्स कायद्यात मालाचा आकार, वेष्टन आणि रंगसंगती यांनाही ट्रेडमार्क मानलं आहे. नाव, लेबल आणि बाटलीचा आकार यांचे अर्ज वेगवेगळे करा. आकाराच्या अर्जाला निरनिराळ्या बाजूंची चित्रं आणि शब्दांत वर्णन जोडा. अर्जात मालाचा ठरलेला वर्गही लिहावा लागतो: व्हिस्की, रम, वाईन, फेणी वर्ग ३३ मध्ये येतात, बिअर ३२ मध्ये.

कुठलाही आकार चालतो असं मात्र नाही. दारू नीट ओतता यावी एवढ्यासाठीच बाटलीची मान तशी केली असेल, तर ती तुमच्या एकट्याची होत नाही. मुंबई उच्च न्यायालयाचा २०११ चा गोर्बाचोव व्होडकाचा निकाल यासाठी जरूर वाचावा. त्या बाटलीचा आकार रशियन चर्चच्या कांद्यासारख्या घुमटावरून घेतलेला. व्होडका ठेवायला अशा घुमटाची काहीच गरज नाही, आणि नेमकी हीच गोष्ट कंपनीच्या पथ्यावर पडली. तशीच दिसणारी बाटली आणणाऱ्या जॉन डिस्टिलरीजने तिचं डिझाईन, म्हणजे वस्तूचं रूप, वेगळ्या कायद्याखाली रीतसर नोंदवलेलं होतं, तरीही न्या. धनंजय चंद्रचूड यांनी ती बाटली वापरायला मनाई केली.

म्हणून डिझाईनची नोंद म्हणजेच ट्रेडमार्क, असं समजू नका. डिझाईनचं संरक्षण जास्तीत जास्त १५ वर्षांचं, ट्रेडमार्क दर १० वर्षांनी नूतनीकरण करून कितीही काळ टिकतो. शिवाय डिझाईनच्या व्याख्येतून कायद्याने ट्रेडमार्क वगळलेला आहे आणि डिझाईन आधी कुठे प्रसिद्ध झालेलं चालत नाही. तेव्हा कोणता रस्ता धरायचा ते बाटली बाजारात उतरवण्याआधीच वकिलाबरोबर बसून ठरवा. एक्साईजकडून लेबल मंजूर झालं की काम झालं, असंही अनेकांना वाटतं. ती विक्रीची परवानगी आहे, मालकीहक्क नव्हे.

लेबल नोंदलं म्हणजे त्यातला प्रत्येक शब्द, प्रत्येक रंग आपला झाला, हा गैरसमज तर कोर्टातच उघडा पडतो. नोंदणीचा हक्क अख्ख्या चिन्हावर असतो. ‘ब्लेंडर्स प्राइड’मधला ‘प्राइड’ आणि ‘इम्पिरिअल ब्लू’चं निळं रूप पुढे करून या दोन्ही ब्रँडची मालक कंपनी पर्नो रिकारने ‘लंडन प्राइड’ व्हिस्कीला आव्हान दिलं. २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अंतरिम मनाई, म्हणजे खटल्याचा निकाल लागेपर्यंतची बंदी, नाकारली. दोन ब्रँडमधले तुकडे जोडून एक तक्रार उभी राहत नाही. एखादा भाग खरोखरच तुमची ओळख असेल, तर त्याचा वेगळा अर्ज करा. गोव्यातल्या फेणीवाल्यांनी हे विशेष मनावर घ्यावं. काजू फेणीला २००९ मध्ये भौगोलिक निर्देशन (जीआय, म्हणजे त्या प्रदेशाच्या मालाची सामाईक ओळख) मिळालं, त्यामुळे ‘फेणी’ शब्दावर कुणा एकाला दावा सांगता येणार नाही. वेगळेपण बाटली-लेबलातूनच येणार.

लेबल बाहेरच्या चित्रकाराकडून करून घेतलंत आणि लेखी करार केला नाहीत, तर कॉपीराइट सहसा त्याच्याकडेच राहतो. बिल चुकतं करण्याआधी हस्तांतरणाच्या कागदावर सही घ्या, त्यात मुदत आणि प्रदेशही लिहा. मुदत लिहिली नाही तर कायदा ती ५ वर्षांचीच धरतो.

नक्कल दिसलीच, तर वाट पाहू नका. ‘पीटर स्कॉट’ या भारतीय व्हिस्कीच्या नावाची नोंद १९७४ पासून ठाऊक असून स्कॉच व्हिस्की असोसिएशनने ती हटवण्याचा अर्ज १९८६ मध्ये केला, २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात हा उशीर त्यांना भोवला. नक्कल दिसेल त्याच आठवड्यात दुकानातून ती बाटली पक्क्या बिलावर विकत घ्या. बॅच नंबर आणि भरण्याची तारीख स्पष्ट दिसेल असे फोटो काढा, एक फोटो दोन्ही बाटल्या फळीवर शेजारी ठेवून. सील फोडू नका, आहे तशी वकिलाकडे द्या. स्वतःच्या जुन्या जाहिराती आणि वर्षवार विक्रीचे आकडेही सोबत न्या, कारण गिऱ्हाईक ही बाटली तुमचीच म्हणून ओळखतं, हे त्यांवरूनच सिद्ध करावं लागतं.