पार्किन्सन्ससाठी अ‍ॅडॅप्टिव्ह डीबीएस: सेटिंगचा दिवस आणि पुढचे दोन महिने

डीबीएस (डीप ब्रेन स्टिम्युलेशन) म्हणजे मेंदूत खोलवर तार बसवून सौम्य विजेचा प्रवाह देणं. साध्या डीबीएसमध्ये त्या तारेतून रात्रंदिवस एकाच ताकदीचा प्रवाह जातो, मग पार्किन्सन्सच्या गोळीचा असर चालू असो की उतरलेला. अ‍ॅडॅप्टिव्ह डीबीएसमध्ये तीच तार मेंदूतले संकेत टिपते आणि छातीतलं यंत्र त्यावरून प्रवाह कमी-जास्त करतं. पार्किन्सन्समध्ये टिपायचा मुख्य संकेत म्हणजे बीटा लहर, १३ ते ३० हर्ट्झची. अंग जखडलं की ती बहुधा वाढते; लेव्होडोपा, म्हणजे पार्किन्सन्सची मुख्य गोळी, लागू पडली किंवा प्रवाह वाढवला की दबते. मेडट्रॉनिकच्या पर्सेप्ट यंत्रातल्या या सोयीला अमेरिकेच्या एफडीएने (औषधं-उपकरणांना मंजुरी देणारी सरकारी संस्था) फेब्रुवारी २०२५ मध्ये मंजुरी दिली. इथली माहिती त्याच यंत्राला धरून आहे.

घाई मात्र करू नका. साधं सेटिंग आणि गोळ्यांच्या वेळा नीट बसल्याशिवाय अ‍ॅडॅप्टिव्ह सुरू करण्यात अर्थ नाही. ऑपरेशनला काही महिने झालेले असावेत, साध्या सेटिंगचा फायदा स्पष्ट दिसावा आणि गोळ्यांचा डोस सारखा बदलत नसावा. पाया डळमळीत असला की यंत्र नेमकं कशाला प्रतिसाद देतंय हेच कळत नाही.

तारेच्या टोकाशी प्रवाह सोडणाऱ्या धातूच्या संपर्कांचे खालून वर चार थर असतात: ०, १, २, ३. प्रवाह ज्या थरातून जातो त्याच्या वरच्या आणि खालच्या थरांमधून संकेत टिपला जातो. म्हणून प्रवाह १ किंवा २ मधून जात असेल तरच हे जमतं. रुग्णाला खरा आराम ० किंवा ३ वर मिळत असेल, तर निव्वळ अ‍ॅडॅप्टिव्हच्या हौसेपायी थर बदलू नये. आराम आधी.

सेटिंगसाठी नांदेड, लातूर, परभणीकडून पुणे, मुंबई किंवा हैदराबाद गाठावं लागतं, आणि नेमकी इथेच गडबड होते. बीटा लहर स्वच्छ दिसावी म्हणून डॉक्टर बहुधा आदल्या रात्रीपासून, साधारण १२ तास, पार्किन्सन्सची गोळी बंद ठेवायला सांगतात. त्या अवस्थेत देवगिरी एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास करून पहाटे फलाटावर उतरणं म्हणजे पडण्याला आमंत्रण. एक दिवस आधी जा, दवाखान्याजवळच मुक्काम करा आणि नेहमीच्या गोळ्या घेतच प्रवास करा. गोळी डॉक्टरांनी सांगितली तेवढाच वेळ बंद ठेवायची, एरवी कधीही अचानक नाही. बीपी-शुगरच्या गोळ्यांचं काय करायचं ते वेगळं विचारून घ्या. सोबत आधार देऊ शकेल असा माणूस, रुग्णाचा हँडसेट (यंत्राचा रिमोट), यंत्राचं कार्ड, आधीच्या सेटिंगचे कागद आणि काम संपताच द्यायची गोळी ठेवा.

प्रोग्रामिंगच्या खोलीत आधी प्रवाह बंद करून थरांच्या वेगवेगळ्या जोड्यांमधला संकेत मोजतात. त्या वेळी रुग्णाने शांत बसायचं. बोलणं, मान हलवणं, चघळणं नको, नाहीतर आलेखात भलतेच चढउतार उमटतात. बीटाचं टोक ठळक दिसलं की त्याच्याभोवतीचा ५ हर्ट्झचा पट्टा निवडतात. टोक १ मायक्रोव्होल्टच्या आसपासही नसेल तर मामला कठीण. मुख्य त्रास कंपाचा असलेल्या काही रुग्णांत असं आढळतं. दुसरी अडचण हृदयाच्या ठोक्यांची: ते संकेतात मिसळतात, आणि यंत्र डाव्या छातीत असलं तर जास्त. ऑपरेशन व्हायचं असेल तर यंत्र उजवीकडे बसवता येईल का, हे तेव्हाच विचारा.

मग चार आकडे ठरतात, आणि सगळा खेळ यांचाच आहे. प्रवाहाची वरची मर्यादा: जिच्यावर बोबडी वळत नाही, स्नायू ओढले जात नाहीत. खालची मर्यादा: जिच्यावर गोळी लागलेली असताना रुग्ण निभावून नेतो. मग प्रवाह वरच्या मर्यादेवर ठेवून बीटा मोजतात, ती बीटाची खालची रेषा. प्रवाह खालच्या मर्यादेवर ठेवून मोजतात, ती बीटाची वरची रेषा. दोन रेषांच्या पद्धतीत बीटा वरच्या रेषेपलीकडे गेली की प्रवाह हळूहळू, काही मिनिटांत चढतो. खालच्या रेषेखाली आली की उतरतो. मधे असली की आहे तिथेच थांबतो. एका रेषेची पद्धतही आहे, तिच्यात चढउतार सेकंदाच्याही आत होतात. मेंदूच्या दोन्ही बाजूंचं सेटिंग स्वतंत्रपणे करतात. खालची मर्यादा फार खाली नेण्याचा मोह टाळलेला बरा. गाढ झोपेत बीटा आपसूक कमी होते, यंत्र प्रवाह उतरवतं आणि माणूस मध्यरात्री जखडून जागा होतो.

घरी आल्यावर यंत्र दर १० मिनिटांची सरासरी नोंदवत राहतं. ही नोंद ६० दिवसांची मावते, त्यापुढे जुनी पुसली जाते. म्हणून फेरतपासणी दोन महिन्यांच्या आतच घ्या. पेरणी-काढणीत तारीख पुढे ढकलली तर सुरुवातीचे, सगळ्यात उपयोगाचे दिवस हातचे जातात. हँडसेटवर ‘गोळी घेतली’, ‘जखडलो’, ‘अंग वळवळतंय’ अशा खुणा ठरवून घेता येतात. बटण दाबलं की त्या क्षणाचा संकेत साठतो. दाबणारा माणूस घरात एकच असावा, आणि वहीतही वेळ लिहावी: गोळी कधी, जेवण कधी, त्रास कधी.

फेरतपासणीत आलेख बघायला मागा. प्रवाह दिवसभर वरच्या मर्यादेला चिकटलेला असेल तर रेषा फार खाली आखल्या गेल्यात. सारखा तळाला असेल तर फार वर. गोळीबरोबर खाली आणि गोळी उतरताना वर, असा चढउतार दिसला तर सेटिंग जमलं. गोळी लागल्यावर वळवळ वाढत असेल तर वरची मर्यादा किंवा डोस यांपैकी काय कमी करायचं ते डॉक्टर ठरवतील. दोन्ही एकदम बदलले की कशाने फरक पडला ते समजत नाही. काहीच जुळेना तर साध्या सेटिंगवर परत जाता येतं. तसा पर्याय हँडसेटवर ठेवून द्यायला सांगा, म्हणजे मुंबई गाठायची वेळ येत नाही.

गोळीच्या वेळा हलल्या की आलेखही हलतो. गोळी जेवणाच्या अर्धा तास आधी घ्या. पिठलं, डाळ, अंडी यांतली प्रथिनं लेव्होडोपाच्या आड येतात. लोहाची गोळी किमान दोन तास लांब ठेवा. उन्हाळ्यात पाणी कमी पडून बीपी उतरतं, चक्कर येते, आणि खापर यंत्रावर फुटतं. आधी बीपी मोजा.

चार्जिंगचं यंत्र असेल तर भारनियमनाचं वेळापत्रक पाहून चार्जर आधीच भरून ठेवा. मे महिन्यात भर दुपारी पत्र्याखाली चार्जिंगला बसू नका, चार्जर अंगावर ठेवून झोपू नका.

गुडघा-कंबर दुखते म्हणून तालुक्याच्या फिजिओथेरपीला गेलात तर आधी यंत्राचं कार्ड दाखवा. डायथर्मीचा शेक, म्हणजे शॉर्टवेव्ह, मायक्रोवेव्ह किंवा अल्ट्रासाउंडचा, पूर्ण वर्ज्य: तारेची टोकं तापून मेंदूला इजा होऊ शकते, यंत्र बंद असलं तरीही. एमआरआय ठरावीक अटींवरच होतो. ज्यांनी यंत्र बसवलं त्यांना विचारल्याशिवाय आत जाऊ नका. छातीवरचा किंवा कानामागचा टाका लाल झाला, पाणी आलं तर हळद लावून वाट बघू नका, त्याच दिवशी फोन करा. आणि यंत्र अचानक बंद पडून अंग एकदम ताठरलं, ताप आला, तर संभाजीनगरचं घाटी रुग्णालय असो की जिल्हा रुग्णालय, जवळचं गाठा. कार्ड आणि गोळ्या खिशात हव्यात.