मालेहून बेटावर स्पीडबोटनं जाताना: निघण्याआधी काय काय करून ठेवायचं

मालदीवला जायचं ठरलं की घरात तीन गोष्टींवर चर्चा होते: विमानाचं तिकीट, हॉटेल आणि तिथे शाकाहारी मिळेल का. विमानतळापासून बेटापर्यंत कसं जायचं हे फारसं कुणी विचारत नाही. हॉटेलच्या कागदावर ‘स्पीडबोट ट्रान्सफर’ अशी एक ओळ असते आणि ती वाचून आपल्याला गेटवेहून मांडव्याला जाणारी बोट आठवते. मलाही तीच आठवली होती. पहिल्या खेपेला माफुशी नावाच्या बेटावर जाताना आई हौसेनं सगळ्यात पुढच्या बाकावर बसली. तिचं वय तेव्हा ६८. पाच मिनिटं मजेत गेली. मग बोट मोकळ्या पाण्यात शिरली, पुढचं टोक उचललं गेलं आणि दाणकन खाली आपटलं. लगेच पुन्हा. आईनं माझं मनगट इतकं घट्ट धरलं की नखं रुतली. चार दिवसांच्या सहलीतले दोन दिवस ती पाठीला गरम पाण्याची पिशवी लावून खोलीत पडून होती. आई-वडिलांना किंवा लहान मुलांना घेऊन जाणाऱ्या कुणावर ही वेळ येऊ नये, म्हणून हे सगळं सविस्तर लिहिते आहे.

पहिलं काम हॉटेलचे पैसे भरण्याआधीचं. नकाशा उघडा आणि बोट कुठल्या पाण्यातून जाणार ते बघा. मालेचं वेलाना विमानतळ हुलुले नावाच्या बेटावर आहे आणि हे बेट उत्तर माले ॲटॉलच्या दक्षिण टोकाला येतं. ॲटॉल म्हणजे प्रवाळाचं कडं आणि त्याच्या आतलं उथळ, शांत पाणी. (हा शब्द जगानं मालदीवच्या धिवेही भाषेतूनच उचलला आहे.) कड्याच्या आत लाटांचा जोर मोडतो. दोन ॲटॉलच्या मधे मात्र खोल समुद्र असतो, त्याला तिथे ‘कंदू’ म्हणतात, आणि बोट आपटते ती तिथे. हिम्माफुशी, हुरा, थुलुसधू ही बेटं उत्तर माले ॲटॉलमधलीच, त्यामुळे तिकडे जाताना बराचसा प्रवास आतल्या पाण्यातून होतो. माफुशी, गुळी, गुराइधू ही दक्षिण माले ॲटॉलमधली. तिथे जायचं तर वाधू कंदू ओलांडावाच लागतो. थोडू तर एकटंच बेट आहे, कलिंगडं आणि पपयांसाठी प्रसिद्ध, मालेपासून साधारण ६७ किलोमीटर. तिकडच्या वाटेवर मोकळा समुद्र खूप लागतो. माफुशीचे २७ किलोमीटर अर्ध्या-पाऊण तासात संपतात. घरात मणक्याचा त्रास असलेलं, हाडं ठिसूळ झालेलं, नुकतं ऑपरेशन झालेलं किंवा गरोदर कुणी असेल तर आधी डॉक्टरांना ‘बोट आपटते’ या शब्दांत सांगून विचारा. नुसतं ‘बोटीचा प्रवास’ म्हटलं की तेही मान हलवतात. बोटीच्या पुढच्या भागात बसलेल्यांचे मणके दबून फ्रॅक्चर झाल्याची उदाहरणं वैद्यकशास्त्राला चांगली माहीत आहेत, त्यामुळे ही माझी उगाच काळजी नाही.

डॉक्टर नको म्हणाले तरी सहल रद्द करायची गरज नसते. सरकारी फेरीची मोठी धोनी (तिकडची पारंपरिक बोट) संथ चालते. माफुशीला तिला दीड तास लागतो, पण ती आपटत नाही, आणि भाडं तर अगदीच किरकोळ. शुक्रवारी मात्र ती बंद असते. दुसरा मार्ग विमानतळाशेजारच्या हुलुमाले बेटाचा. विमानतळाहून तिथे गाडीनंच जाता येतं, बोट लागतच नाही. विमान संध्याकाळी उशिरा उतरणार असेल तर मी आता पहिली रात्र हुलुमालेलाच काढते आणि सकाळच्या उजेडात बोट धरते. रिसॉर्टच्या बोटी रात्रीही चालतात, चालवणारे अनुभवी असतात, हे खरं. तरी काळोखात पुढची लाट आपल्याला दिसत नाही, शरीर आधी सावरत नाही आणि प्रत्येक दणका अचानक बसतो.

तारखा ठरवताना हवामान धरा. डिसेंबर ते एप्रिल समुद्र त्यातल्या त्यात शांत असतो. मे ते ऑक्टोबर नैऋत्य मोसमी वाऱ्यांचा काळ. म्हणजे आपल्या शाळांना मे महिन्याची सुट्टी लागते तेव्हाच तिथे समुद्र उठायला लागतो, आणि हॉटेलं स्वस्त दिसतात ती त्यामुळे. जाऊच नका असं म्हणत नाही, पण मे महिन्यात जायचं तर जवळचं बेट निवडा आणि परतीच्या बाजूला एक दिवस मोकळा ठेवा. तिथलं हवामान खातं पांढरा, पिवळा, नारिंगी आणि लाल असे इशारे देतं. निघायच्या आदल्या दिवसापासून ते बघत राहा. बोट रद्द झाली तर कुणाशी वाद घालू नका. समुद्र बघून नाही म्हणणारा तांडेल चांगला.

आता वेळेचा हिशोब. मालदीवचं घड्याळ आपल्या अर्धा तास मागे आहे. त्यात काही रिसॉर्ट आपल्या बेटापुरती वेळ मालेच्या तासभर पुढे ठेवतात. म्हणजे रिसॉर्टनं ‘नऊची बोट’ सांगितली आणि तुमच्या मोबाइलवर मालेची वेळ असली, तर ती बोट मोबाइलच्या आठ वाजता सुटलेली असते. म्हणून प्रत्येक वेळी विचारायचं: मालेची वेळ की बेटाची? लोकवस्तीच्या बेटांवर बोटी ठरल्या वेळेलाच सुटतात आणि शुक्रवारी दुपारच्या नमाजाच्या सुमारास फेऱ्या कमी होतात. विमान उतरण्याच्या आणि बोट सुटण्याच्या वेळेत निदान दोन तास धरा, कारण इमिग्रेशनची रांग कधी लांबेल ते सांगता येत नाही. त्या दिवशीची शेवटची बोट किती वाजता आहे तेही आधीच विचारून ठेवा.

बोटवाल्याला किंवा हॉटेलला आधी एक मेसेज करून एवढं विचारून घ्या: बोट विमानतळाच्या जेटीवरून सुटते की माले शहरातल्या, घ्यायला येणारा माणूस कुठे उभा असेल, दर जाण्याचा आहे की येण्या-जाण्याचा, माणशी किती सामान चालतं, बोटीला वर छत आहे का, आणि लहान मुलाच्या मापाचं लाइफ जॅकेट आहे का. शेवटच्या प्रश्नाला ‘सगळं आहे’ असं उत्तर येतं. तेवढ्यावर समाधान मानू नका. मुलाचं वजन किलोत लिहून पाठवा. आमच्या एका खेपेला बोटीत फक्त मोठ्यांचीच जॅकेटं निघाली. माझ्या सहा वर्षांच्या भाचीच्या अंगात घातलं तर ते खांद्यावरून कानांपर्यंत वर आलं. पाण्यात पडलं तर असं जॅकेट वर सरकतं आणि मूल खालून निसटतं. आम्ही ती बोट सोडली, तासाभरानं दुसरी घेतली. तिकिटाचे पैसे परत मिळाले नाहीत आणि मला त्याचं आजही काही वाटत नाही. ज्यांच्याकडे चार-सहा वर्षांचं मूल आहे त्यांनी मापाचं जॅकेट घरून न्यावं, बॅगेत फार जागा घेत नाही.

बोटीत चढताना हात रिकामे हवेत. पर्स आडवी गळ्यात, मोबाइल चेनच्या खिशात. जेटी आणि बोट यांच्यात वीतभर फट असते आणि ती लाटेबरोबर उघडत-मिटत राहते. खलाशी हात पुढे करतो तेव्हा त्याची बोटं धरू नका, मनगटाच्या वर धरा. तोही तुमचं मनगटच धरेल. बोट काठाच्या पातळीला आली की एक पाय आत टाकायचा, उडी मारायची नाही. आईला त्या दिवशी साडी नेसवून नेलं ही माझी चूक. निऱ्या पायात आल्या. दुसऱ्या खेपेला ती पंजाबी ड्रेसमध्ये होती. चपला बऱ्याच बोटींवर आत शिरताना काढायला लावतात, म्हणून लेसचे बूट नकोत.

बसायचं मागे. शेवटच्या दोन-तीन रांगांत, आणि जमलं तर मधल्या बाजूला. बोटीचं पुढचं टोक वर-खाली होतं, मागचा भाग त्या मानानं स्थिर राहतो, कारण दोन-तीन इंजिनांचं वजन तिथेच असतं. मागे पेट्रोलचा वास येतो, आवाज मोठा असतो, कडेला बसलं तर अंगावर पाणी उडतं. हे सगळं पाठीपेक्षा स्वस्त. मागे बसायचं तर रांगेत लवकर उभं राहावं लागतं, त्यामुळे पंधरा-वीस मिनिटं आधी जेटीवर पोचा. वयस्कर माणूस बरोबर आहे असं खलाशाला सांगितलं तर तो जागा करून देतो, असा माझा अनुभव आहे. बसल्यावर पाय जमिनीला पूर्ण टेकलेले, पाठ टेकलेली, हात समोरच्या दांडीवर. दणका येणार असं दिसलं की बूड किंचित उचलून गुडघ्यांवर भार घ्यायचा. हे ज्यांना जमत नाही त्यांच्याखाली घडी घातलेली जाड चादर किंवा जॅकेट ठेवा. मी आता आईसाठी विमानातली मानेची उशी बुडाखाली देते. दिसायला विचित्र दिसतं, उपयोग मात्र होतो. लाइफ जॅकेट कुठे आहे ते बसल्याबरोबर बघा आणि मुलांना निघण्याआधीच घाला.

उलटीचा त्रास असणाऱ्यांनी गोळी बोट सुटायच्या निदान अर्धा-एक तास आधी घ्यायला हवी, पोटात ढवळायला लागल्यावर तिचा उपयोग नाही. एव्होमिनसारख्या गोळीनं झोप येते, तेव्हा रक्तदाबाची किंवा इतर औषधं चालू असतील तर डॉक्टरांना विचारूनच. उपाशीपोटी बसू नका, भरल्या पोटीही नको. दोन इडल्या, एखादं केळं एवढं बास. आलेपाकाची वडी तोंडात ठेवली की बरं वाटतं. नजर लांब क्षितिजावर, मोबाइल बंद.

सामानाचं म्हणाल तर मोठी बॅग तुमच्यापासून लांब, पुढच्या भागात रचली जाते आणि तिथे पाणी येतं. बॅगेच्या आत कचऱ्याची मोठी काळी पिशवी अस्तरासारखी घाला आणि कपडे तिच्यात भरा. औषधं, चश्मा, इन्शुलिन, पासपोर्ट, पॉवर बँक आणि लॅपटॉप आपल्या मांडीवरच्या छोट्या बॅगेत, तेही झिपच्या पिशवीत. पासपोर्टचं पान भिजलं तर परतीला नसती कटकट. मोबाइलवर हॉटेलचा नंबर, बोटीचं तिकीट आणि घ्यायला येणाऱ्याचा नंबर स्क्रीनशॉट काढून ठेवा.

कागदांचं थोडक्यात. भारतीयांना तिथे उतरल्यावर व्हिसा फुकट मिळतो. ‘इमुगा’ नावाचा सरकारी फॉर्म प्रवासाच्या आधीच्या ९६ तासांत भरायचा, जाताना आणि परत येतानाही. तोही फुकट आहे, पैसे मागणारं पान दिसलं तर ते सरकारी नाही. पर्यटकांकडून घेतला जाणारा हरित कर २०२५ पासून वाढला आहे: लोकवस्तीच्या बेटावरच्या ५० किंवा त्याहून कमी खोल्यांच्या गेस्टहाउसमध्ये माणशी दिवसाला ६ डॉलर, रिसॉर्टमध्ये १२. सुटे डॉलर ठेवा. ड्यूटी फ्रीमधली दारूची बाटली विकत घेऊ नका, कस्टमवाले ती ठेवून घेतात. लोकवस्तीच्या बेटावर उतरताना खांदे आणि गुडघे झाकलेले असावेत. पोहण्याच्या कपड्यांसाठी तिथे वेगळा किनारा नेमलेला असतो. चार्जरसाठी चौकोनी तीन पिनांचा ॲडॉप्टर लागतो.

परतीची बोट आदल्या संध्याकाळी हॉटेलवाल्याकडून पक्की करून घ्या, आणि विमानाच्या तीन तास आधी विमानतळावर पोचवणारी घ्या. त्याच्याही आधीची मिळत असेल तर ती. प्रवाळाचे तुकडे बॅगेत नकोत, ते देशाबाहेर न्यायला बंदी आहे. मांडीवरच्या बॅगेत प्रत्येकाचा एक कोरडा टी-शर्ट वरच ठेवा. खाऱ्या पाण्यानं भिजलेले कपडे विमानाच्या एसीत अंगावर सुकू देऊ नयेत. आईनं परतीच्या वेळी शेवटच्या रांगेत बसून कंदू ओलांडला, जेटीवर उतरल्यावर टी-शर्ट बदलला आणि पहिल्यांदा चहा मागितला.