‘जांभळा’ हे विशेषण नेमके कसे वापरावे

मराठीत फळांवरून रंगांना दिलेली नावे पुष्कळ आहेत, पण त्यांपैकी ‘जांभळा’ या शब्दाइतका भाषेत मुरलेला शब्द दुसरा नाही. नारिंगी, डाळिंबी, अंजिरी ही विशेषणे फळाच्या नावाला ‘ई’ जोडून तयार झाली आणि तशीच राहिली. ‘जांभळा’ मात्र काळा, पांढरा, पिवळा, हिरवा यांच्या पंगतीत जाऊन बसला आणि त्यांच्याप्रमाणेच लिंग, वचन व विभक्ती यांनुसार बदलू लागला. हा शब्द वापरताना होणाऱ्या बहुतेक चुका या एका गोष्टीकडे दुर्लक्ष झाल्यामुळे होतात, म्हणून तो नीट समजून घेणे मला महत्त्वाचे वाटते.

आधी अर्थ पाहू. जांभूळ या फळाच्या रंगाचा तो जांभळा, एवढी व्याख्या कोशाला पुरते, पण लिहिणाऱ्याला ती अपुरी पडते, कारण या फळाचा रंग एक नसतो. कोवळेपणी ते हिरवे असते, मग गुलाबी आणि लालसर होते, आणि पूर्ण पिकल्यावर त्याची साल इतकी गडद होते की लांबून ते काळेच दिसते. विशेषणाला अभिप्रेत असलेला रंग या काळपट सालीपेक्षा आतल्या रसाच्या अधिक जवळचा आहे: जांभळे खाल्ल्यावर जिभेवर जो उमटतो, बोटांना लागतो आणि पांढऱ्या कापडावर डाग होऊन बसतो, तो रंग. त्या रसातील रंगद्रव्ये अँथोसायनिन या गटातील आहेत आणि त्यांचा गुणधर्म असा की आम्लधर्मी द्रवात ती लालसर दिसतात, तर अल्कधर्मी द्रवात निळसर होतात. जांभळाचा डाग साबणाने धुताना निळ्याकडे झुकतो तो यामुळेच. ‘जांभळा’ हा शब्दही तितकाच ऐसपैस आहे. लालाकडे झुकणाऱ्या छटेपासून निळ्याकडे झुकणाऱ्या छटेपर्यंतचा सारा पट्टा मराठी माणूस या एका शब्दात सामावून घेतो.

विज्ञानाच्या दृष्टीने त्या पट्ट्यात दोन वेगळ्या गोष्टी येतात. इंद्रधनुष्याच्या कडेला दिसणारा, सुमारे 380 ते 450 नॅनोमीटर तरंगलांबीचा प्रकाश हा एक; आणि तांबडा व निळा प्रकाश एकत्र आल्यावर डोळ्यांना जाणवणारा, पण इंद्रधनुष्यात स्वतंत्र जागा नसलेला रंग हा दुसरा. शाळेत ‘तानापिहिनिपाजा’ म्हणताना शेवटचा ‘जा’ हा पहिल्या अर्थाचा जांभळा असतो, तर वांग्याला किंवा पोटॅशियम परमँगनेटच्या द्रावणाला जांभळे म्हणताना दुसरा अर्थ मनात असतो. रोजच्या लेखनात हा भेद करण्याची गरज नाही. प्रकाशाविषयी लिहीत असाल, तर मात्र ‘वर्णपटातील जांभळा’ असे एकदा स्पष्ट करून पुढे जावे. मराठी विश्वकोशाने दृश्य वर्णपटाच्या पलीकडील किरणांसाठी वापरलेला ‘जंबुपार’ हा शब्द येथे आठवतो. संस्कृतातील ‘जम्बू’ म्हणजे जांभूळ, आणि त्या रंगाच्या पार असलेले ते जंबुपार. पाठ्यपुस्तकांतून आता ‘अतिनील’ हा शब्द रूढ झाला असला, तरी वर्णपटाचे शेवटचे टोक निळे नसून जांभळे आहे हे सांगणारा जुना शब्द मला अधिक अचूक वाटतो.

रूपे कशी चालवावीत

‘जांभळा’ हे विकारी विशेषण आहे. पुल्लिंगी एकवचनात जांभळा खण, स्त्रीलिंगी एकवचनात जांभळी साडी, नपुंसकलिंगी एकवचनात जांभळे लुगडे. अनेकवचनात अनुक्रमे जांभळे खण, जांभळ्या साड्या, जांभळी लुगडी. पुढच्या नामाला विभक्तिप्रत्यय किंवा शब्दयोगी अव्यय लागले, की लिंग आणि वचन कोणतेही असो, विशेषणाचे एकच सामान्यरूप होते, ते म्हणजे ‘जांभळ्या’: जांभळ्या खणावर, जांभळ्या साडीला, जांभळ्या लुगड्यांत. महाराष्ट्राचे राज्यफूल असलेल्या ताम्हणाविषयी लिहिताना ‘ताम्हणाची जांभळी फुले’ असे म्हणावे, पण त्याच फुलांना प्रत्यय लागला की ‘ताम्हणाच्या जांभळ्या फुलांनी’ असे लिहावे.

सर्वांत जास्त आढळणारी चूक येथेच होते. ‘जांभळा रंगाची पिशवी’ ही रचना जाहिरातींत, वस्तूंच्या वर्णनांत आणि बातम्यांतही दिसते. ‘रंग’ या नामाला ‘ची’ हा प्रत्यय लागून त्याचे ‘रंगाची’ झाले आहे, म्हणून त्याच्या आधीचे विशेषणही बदलायला हवे: जांभळ्या रंगाची पिशवी. ही चूक करणारा माणूस बोलताना सहसा अडखळत नाही. लिहिताना मात्र रंगाचे नाव एखाद्या न बदलणाऱ्या चिठ्ठीसारखे जसेच्या तसे चिकटवतो. शंका आली तर वाक्य मोठ्याने म्हणून पाहावे, कान बहुधा बरोबर उत्तर देतो. खरे तर अनेकदा ‘रंगाची’ या शब्दाचीच गरज नसते. ‘जांभळी पिशवी’ असे म्हटले की काम होते, वाक्य हलके होते आणि चुकीला जागाच उरत नाही.

विशेषण नामानंतर, विधेयाच्या जागी आले तरी जुळणी तशीच राहते: जीभ जांभळी झाली, आकाश जांभळे दिसू लागले, पडदे जांभळे आहेत. रंगवण्याच्या क्रियेविषयी लिहिताना ‘भिंत जांभळी रंगवली’ किंवा ‘भिंतीला जांभळा रंग दिला’ यांपैकी एक रचना निवडावी. पहिल्यात विशेषण भिंतीशी जुळते, दुसऱ्यात रंगाशी. दोन्ही अर्धवट मिसळून ‘भिंतीला जांभळी रंग दिला’ असे काही होऊ देऊ नये. एकाच विशेषणापुढे वेगवेगळ्या लिंगांची दोन नामे आली, जसे ‘जांभळा सदरा आणि टोपी’, तर विशेषण जवळच्या नामाशी जुळते, पण टोपीही जांभळी आहे की नाही हे वाचकाला कळत नाही. अशा वेळी ‘जांभळा सदरा आणि जांभळी टोपी’ अशी पुनरुक्ती करण्यात कमीपणा नाही.

फळ की रंग

या शब्दाचा खरा अवघडपणा, आणि माझ्या मते त्याची खरी गंमत, फळाची आणि रंगाची रूपे एकमेकांच्या अगदी जवळून जातात यात आहे. ‘जांभूळ’ हे नाम फळाच्या अर्थी नपुंसकलिंगी आहे. त्याचे अनेकवचन ‘जांभळे’ आणि सामान्यरूप ‘जांभळा’ होते. म्हणून ‘जांभळाचा रस’ म्हणजे फळाचा रस, आणि ‘जांभळा रस’ म्हणजे त्या रंगाचा कोणताही रस, मग तो द्राक्षांचा का असेना. ‘जांभळाच्या रंगाचे कापड’ म्हटले की डोळ्यांसमोर प्रत्यक्ष फळ येते, तर ‘जांभळ्या रंगाचे कापड’ म्हटले की केवळ रंग येतो. ‘जांभळा’ आणि ‘जांभळ्या’ यांत फक्त एका ‘य’चा फरक आहे, पण लेखक फळाविषयी बोलतो आहे की रंगाविषयी, हे त्यावरच ठरते. त्यामुळे लिहिण्यापूर्वी स्वतःला एकच प्रश्न विचारावा: मला फळ म्हणायचे आहे की रंग?

या दोन्ही शब्दांची गाठ एकाच ठिकाणी पडते, तेव्हा व्याकरण किती काटेकोर आहे ते दिसते. पिकलेल्या फळांचे वर्णन ‘जांभळी जांभळे’ असे होईल. यातले पहिले विशेषण आणि दुसरे नाम. विशेषण नपुंसकलिंगी अनेकवचनी असल्याने ते ईकारान्त झाले, आणि नाम अकारान्त नपुंसकलिंगी असल्याने त्याचे अनेकवचन एकारान्त झाले. बोलीच्या वळणाने लिहिताना मात्र ‘जांभळं’ हे रूप दोन्हीकडे येते: ‘जांभळं फूल’ यात ते एकवचनी विशेषण आहे, तर ‘जांभळं आणली’ यात अनेकवचनी नाम. पुढचा शब्द वाचल्याशिवाय अर्थ ठरत नाही, म्हणून शीर्षकात किंवा एकट्या शब्दाच्या जागी हे रूप जपून वापरावे.

झाडाची गोष्ट आणखी वेगळी आहे. झाड स्त्रीलिंगी मानले जाते, म्हणून ‘जांभळीखाली बसलो’ म्हणजे जांभळाच्या झाडाखाली बसलो. विशेषण म्हणून, म्हणजे पुढे नाम असताना, ‘जांभळी’ला कधीही प्रत्यय लागत नाही, तेथे ‘जांभळ्या’च होते. पण विशेषणच नामासारखे वापरले, तर प्रत्यय थेट त्याला लागतो: दोन साड्यांपैकी ‘जांभळीचा पदर अधिक भरलेला आहे’ हे वाक्य निर्दोष आहे, आणि ते झाडाविषयी नाही हे संदर्भावरून कळते.

हे विशेषण रंगापुरतेच आहे, हेही लक्षात ठेवावे. जांभळाची चव तुरटगोड असते म्हणून ‘जांभळी चव’ असे म्हणता येत नाही. चवीसाठी ‘जांभळाची चव’ किंवा ‘जांभळासारखा तुरटपणा’ असे लिहावे लागते. ‘जांभा दगड’ हा कोकणातला चिऱ्यांचा दगडही वेगळा. तो लालसर तपकिरी असतो, आणि त्याचे सामान्यरूप ‘जांभ्या’ होते. ‘जांभ्या दगडाचे घर’ आणि ‘जांभळ्या दगडाचे घर’ ही दोन निराळी घरे आहेत.

लेखनाविषयी एक बारकावा सांगायला हवा. जांभूळ, लाकूड, देऊळ अशा तीन अक्षरी शब्दांत मधल्या अक्षरातील दीर्घ ऊकार सामान्यरूपात नाहीसा होऊन तेथे अकार येतो: लाकडास, देवळात, जांभळाचा. महाराष्ट्र शासनाने 1962 साली मान्य केलेल्या लेखननियमांतही ही तरतूद आहे. विशेषणाने तेच वळण घेतले आहे, म्हणून ‘जांभुळा’ किंवा ‘जांभूळी साडी’ असे लिहू नये. जांभुळपाडा, जांभुळवाडी या गावांच्या नावांत उकार टिकून राहिला आहे, कारण तेथे पहिल्या पदाला प्रत्यय लागलेला नाही, ते नुसते पुढच्या पदाला जोडले गेले आहे.

छटा सांगताना

मराठीत ठळक रंगांना त्यांचे त्यांचे जोडीदार आहेत: काळाकुट्ट, पांढराशुभ्र, लालभडक, पिवळाधमक, हिरवागार, निळाशार. जांभळ्याला असा रूढ जोडीदार नाही, आणि तो ओढूनताणून घडवण्यापेक्षा ‘गडद जांभळा’, ‘फिका जांभळा’ असे सरळ लिहिणे चांगले. ‘गडद’ बदलत नाही, ‘फिका’ बदलतो, म्हणून गडद जांभळ्या साडीला, पण फिक्या जांभळ्या साडीला. रंग पूर्ण नसून त्याची नुसती झाक असेल तर ‘जांभळसर’ वापरावे. ‘जांभळट’ हाही शब्द आहे, परंतु पिवळट आणि काळपट यांच्याप्रमाणे त्याला मळकेपणाची, विटल्याची छटा चिकटलेली आहे. फुलाच्या कौतुकात तो विरस करतो, धुऊन धुऊन उडालेल्या कापडाला मात्र अगदी शोभतो. मार लागून अंगावर उठलेल्या वळांसाठी मराठीचा शब्द ‘काळेनिळे’ असा ठरलेला आहे. तेथे रंग प्रत्यक्षात जांभळा दिसत असला, तरी वाक्प्रचार मोडू नये.

जांभळ्याच्या शेजारचे दोन रंगही फळांवरूनच आले आहेत. आमसूल म्हणजे रातांब्याची वाळवलेली साल, तिच्यावरून ‘आमसुली’; हा रंग जांभळ्यापेक्षा काळपट आणि तपकिरीकडे झुकलेला असतो. ‘अंजिरी’तही तपकिरीचा अंश असतो, पण तो अधिक मवाळ. या दोन्ही शब्दांत मूळ नामातील दीर्घ ई-ऊ नाहीसे न होता ऱ्हस्व होतात: अंजीर, अंजिरी, आमसूल, आमसुली. आणि ही विशेषणे अविकारी आहेत. आमसुली खण, आमसुली साडी, आमसुली साड्या, आमसुली साडीवर. कोठेही बदल नाही. ‘जांभळ्या साड्या’ या वळणाने ‘नारिंग्या साड्या’ किंवा ‘डाळिंब्या साड्या’ असे लिहिले, तर ते चूक ठरते.

‘डाळिंब्या’ हे रूप मराठीत आहे, पण ते रंगाचे नाही. मोड आणून सोललेल्या वालांच्या दाण्यांना डाळिंब्या म्हणतात, आणि ते नाम असल्याने नामासारखे चालते: डाळिंब्यांची उसळ. ‘डाळिंबी उसळ’ असे कोठे वाचले, तर ती डाळिंबाच्या रंगाची आहे असे समजू नये.